गरी

देवगड जेटीच्या मागे बर्फाचा कारखाना.
हिशेबाचा प्रोग्राम नेल्सन परेराने लिहिलेला.
तो दोहाला गेला तेव्हा सोर्स कोडही गेला,
मागे उरली एक ईएक्सई फाइल
आणि न लागणारा नंबर.
फाइल चालते, पण उघडत नाही,
उकळूनही तोंड न उघडणाऱ्या तिसरीसारखी.

कोयंडे म्हणाले, "बाय, ह्यो मेलो आपसूक बंद जाता.
लिवलला सगळा जाता. तेचा कायतरी बग."
आपसूक काही जात नव्हतं.
त्यांचा उजवा हात थरथरतो
आणि फुलीचं बटण फार जवळ असतं.
मी पाहिलं. म्हटलं, बघते.

खिडकीला आपलं आपण काही कळत नाही.
तिला निरोप येतात:
माऊस सरकला, कळ दाबली,
हा कोपरा पुन्हा रंगव, मिटून घे आता.
रांगेत उभे राहतात, एकेक आत जातात.
मराठीत एक बरं आहे,
सांगावा आला तरी निरोप,
माणूस निघालं तरी निरोप.

मी एक छोटी डीएलएल लिहिली,
रांग आणि खिडकी यांच्यामध्ये बसणारी.
पुस्तकात तिला हूक म्हणतात.
"म्हंजे गरी," कोयंडे म्हणाले.
तेच नाव ठेवलं.
'मिटून घे' असा निरोप आला की गरीला लागायचा,
तिने विचारायचं: नोंद ठेवली का?
बाकीचे सगळे सोडायचे पुढे,
साखळीतल्या पुढच्याच्या हाती, न चुकता.
नियम एवढा एकच.
मोडला तर खिडकी गोठते,
लोक म्हणतात कंप्युटर बिघडला.

तपासायला आठ दिवस सगळं टिपून ठेवलं.
पहाटे तीन चाळीसला माऊस सरकला.
ऑफिसला बाहेरून कुलूप.
तीन रात्री तेच.
मग लक्षात आलं, कंप्रेसर सुरू होतो,
टेबल हलतं.

आणि संध्याकाळी सहा बावन्न.
'बोटीचं नाव' या रकान्यात
जी ओ डी ए आय.
अकरा सेकंद काही नाही.
मग पाच बॅकस्पेस.
दुसऱ्या दिवशी सहा एकोणपन्नास.
आठही दिवस.

जुन्या याद्यांत गोदाई सापडली.
पंधरा लाद्या बर्फ, उधार,
चार वर्षांपूर्वीची तारीख.
त्यानंतर ना बर्फ, ना वसुली.
खलाशांची नावं प्रोग्राम विचारत नाही,
नेल्सनने तसा रकानाच ठेवला नव्हता.

रात्री मी त्या ओळींपुढे बसले.
लिहिलेलं जातं, ते वाचव, एवढंच काम होतं.
पुसलेलं वाच, असं कुणी म्हणालं नव्हतं.
टिपणारा भाग काढून टाकला,
आठ दिवसांची यादीही.
फाइल सहा केबीने हलकी झाली.
आता गरी फक्त फुली धरते.
कळा तिच्यातून जातात,
रुंद आसाच्या जाळ्यातून बारीक मासळी जाते तशा.

एकतीस मार्चला कोयंडे रिटायर झाले.
शाल, नारळ, समोसे.
निरोपाचं भाषण बाबल खवणेकरांनी केलं,
माईक नव्हता, कंप्रेसर चालू,
कुणाला फारसं कळलं नाही.
मग कोयंडे एकदा खुर्चीत जाऊन बसले,
आमच्याकडे पाठ.
कळांचा आवाज आला.
मोजता आला असता.
मी समोशाच्या बशीकडे बघत राहिले.

त्यांनी फुली दाबली.
नोंद ठेवली का, गरीने विचारलं.
बराच वेळ ते तसेच,
शालीचं टोक कीबोर्डवर.
मग काहीतरी दाबून उठले,
"चल्लंय गो," म्हणाले, आणि गेले.

होय की नाही ते मला दिसलं नाही.
खातं उघडलं तर कळेल.
अजून उघडलेलं नाही.